निर्णय कोणाचा, हाडे कोणाची



आजच्या व्याख्यानाचा विषय मोटार उद्योगातले नेतृत्व हा आहे, पण सुरुवात मला बर्फावरून करायची आहे. स्की क्रॉस हा खेळ आपल्याकडे फारसा कुणी पाहत नाही, म्हणून आधी त्याची ओळख. डोंगरउतारावर बर्फाचा एक मार्ग घडवतात. त्यात कललेली वळणे असतात, लागोपाठचे उंचवटे असतात आणि ज्यांवरून माणूस काही क्षण हवेत जातो अशा उड्याही असतात. आधी प्रत्येक खेळाडू एकटा उतरतो. घड्याळ त्याची वेळ मोजते आणि त्यावरून क्रमवारी लागते. त्यानंतर मात्र घड्याळाला काही अर्थ उरत नाही. चार जण एकाच वेळी सुटतात, एकाच अरुंद मार्गावरून, ताशी ऐंशी किलोमीटरच्या आसपास वेगाने, आणि पहिले दोघे पुढच्या फेरीत जातात. मिनिट-सव्वा मिनिटात सगळे आटोपते. २०१० साली व्हँकुव्हरच्या हिवाळी ऑलिम्पिकमध्ये या खेळाला प्रथम स्थान मिळाले. स्वित्झर्लंडचा मिखाएल श्मिड आणि कॅनडाची अ‍ॅशली मॅकआयव्हर हे त्याचे पहिले ऑलिम्पिक विजेते.

मोटार उद्योगाला हा खेळ पहिल्यापासून जवळचा वाटला. त्याच्या विश्वचषक मालिकेला अनेक वर्षे आउडी या जर्मन कंपनीचे नाव जोडलेले होते. जाहिरातीच्या दृष्टीने हे साहजिक आहे, कारण वेग, पकड, निसरड्या जमिनीवरचा ताबा आणि शेजारच्याला मागे टाकणे या सगळ्या गोष्टी मोटार विकणाऱ्यालाही हव्या असतात. परंतु या जवळिकीतून एक समजूतही रुजली आहे आणि आज मला तिची तपासणी करायची आहे. जो माणूस शर्यतीत तावून निघाला तो उद्योगाचे नेतृत्व अधिक चांगले करील, कारण त्याला धोका पत्करता येतो, अशी ही समजूत. भरतीच्या मुलाखतींत, कंपन्यांच्या शिबिरांत आणि मोठ्या अधिकाऱ्यांच्या परिचयपत्रांत ती सर्रास दिसते. माझे म्हणणे असे की खेळातून उद्योगात नेण्यासारखे खरोखर काहीतरी आहे, पण ते धाडस नव्हे. धाडस जसेच्या तसे उचलून नेले तर त्याचा स्वभावच बदलतो, आणि तो का बदलतो हे समजून घेण्यासाठी व्हँकुव्हरच्याच अंतिम शर्यतीकडे पाहावे लागेल.

त्या शर्यतीत कॅनडाचा ख्रिस डेल बॉस्को तिसरा होता. यजमान देशाचा खेळाडू, मार्ग संपत आलेला, कांस्यपदक जवळजवळ हातात. त्याने जागा राखण्याऐवजी पुढच्याला गाठायचा प्रयत्न केला, शेवटच्या टप्प्यात तोल गेला आणि तो पडला. कांस्य नॉर्वेच्या औडुन ग्रोनवोल्डला मिळाले, डेल बॉस्को चौथा आला. पुढच्याच वर्षी, २०११ मध्ये, अमेरिकेतल्या डीअर व्हॅलीला तो विश्वविजेता झाला. या दोन शर्यतींची कथा जिद्दीचा धडा म्हणून सांगता येते, आणि तशी ती सांगितलीही जाते. मला तिच्यात वेगळी गोष्ट दिसते. व्हँकुव्हरचा निर्णय चूक होता की बरोबर, यावर वाद घालता येईल. पण तो निर्णय कोणाचा होता आणि त्याची किंमत कोणी मोजली, यावर वाद होऊच शकत नाही. ज्याने पुढे जायचे ठरवले तोच पडला. पदक त्याचे गेले, मार त्याला बसला, आणि हे सगळे दोन-तीन सेकंदांत घडले. ठरवणे, करणे आणि भोगणे या तिन्ही गोष्टी एकाच देहात आणि जवळजवळ एकाच क्षणी एकत्र येतात, म्हणून या खेळातले धाडस स्वच्छ असते. खेळाडू हळूहळू शहाणा होतो तोही यामुळेच. पुढच्या वेळी किती पुढे रेटायचे हे त्याला कुणी शिकवावे लागत नाही.

आता हीच माणसाची घडण मोटार कंपनीच्या शिखरावर नेऊन ठेवा. एखादे इंजिन आखायला, चाचण्या पार पाडायला आणि बाजारात आणायला चार-पाच वर्षे जातात. त्या इंजिनाची गाडी पुढे दहा-पंधरा वर्षे रस्त्यावर असते. तिच्यावर सही करणारा अध्यक्ष तोवर बहुधा निवृत्त झालेला असतो. तिचा ब्रेक कमी पडला तर मरतो तो रस्त्यावरचा माणूस, आणि तिच्या धुराने दम लागतो तो तिसऱ्याच घरातल्या मुलाला. म्हणजे स्की क्रॉसमध्ये जे एका देहात एकवटलेले असते ते इथे पार विखुरते. ठरवणारा एक, करणारा दुसरा, भोगणारा तिसरा, आणि मध्ये वर्षांचे अंतर. अशा जागी धाडस दाखवणाऱ्याला आपण शूर म्हणतो तेव्हा तो दुसऱ्याच्या जिवावर शूर होत असतो, हे आपल्या लक्षात येत नाही. हे मी रूपकाने बोलत नाही. याचा पुरावा गेल्या पंधरा-वीस वर्षांच्या इतिहासात आहे, आणि तो त्याच उद्योगसमूहात आहे ज्याच्या एका कंपनीचे नाव स्की क्रॉसच्या मालिकेवर होते.

त्या समूहाची चांगली बाजू आधी सांगायला हवी, कारण तीही बर्फातूनच आली. १९७६-७७ च्या हिवाळ्यात आउडीचे अभियंते फिनलंडमध्ये गाड्यांच्या चाचण्या घेत होते. यॉर्ग बेन्सिंगर हा चासीचे काम पाहणारा अभियंता. त्याच्या लक्षात आले की फोक्सवागनची लष्करासाठी बनवलेली इल्टिस नावाची ठोकळेवजा गाडी, जिची ताकद अवघी ७५ अश्वशक्ती होती, ती बर्फावर कितीतरी बलवान गाड्यांना मागे टाकते आहे. कारण एकच, तिची चारही चाके ओढत होती. ही गोष्ट त्याने तांत्रिक विभागाचे प्रमुख फर्डिनांड पीश यांच्या कानावर घातली. पीश यांनी ती उचलून धरली. जानेवारी १९७८ मध्ये ऑस्ट्रियातल्या टुराखर ह्योअं या २३ टक्के चढाच्या घाटात चाचणीची गाडी उन्हाळी टायरांवर, साखळ्यांशिवाय वर चढवून दाखवण्यात आली, आणि मार्च १९८० मध्ये जिनिव्हाच्या प्रदर्शनात क्वाट्रो लोकांसमोर आली. पीश यांची थोरवी मला या घटनेत सर्वांत स्पष्ट दिसते. खालच्या माणसाने बर्फावर जे अनुभवले ते वर पोचले, कुणी ते वाटेत अडवले नाही, आणि वरच्याने ते घाटात नेऊन पारखले. जमिनीची बातमी निर्णयापर्यंत न बिघडता पोचली.

पण हेच पीश पुढे संपूर्ण फोक्सवागन समूहाचे प्रमुख झाले, १९९३ ते २००२, आणि त्यानंतर देखरेख मंडळाचे अध्यक्ष. अमेरिकन वाहन उद्योगातले ज्येष्ठ अधिकारी बॉब लुट्झ यांनी एक प्रसंग लिहून ठेवला आहे. गाडीच्या पत्र्यांमधल्या फटी इतक्या नेटक्या कशा साधल्या, असे त्यांनी पीश यांना विचारले. त्यावर पीश यांनी सांगितले, की संबंधित सगळ्या अधिकाऱ्यांना एका खोलीत बोलावले, सहा आठवड्यांची मुदत दिली आणि जमले नाही तर सगळ्यांना बदलीन असे बजावले. फटी नेटक्या झाल्या, याबद्दल वाद नाही. मात्र फिनलंडमधली बातमी ज्या वाटेने वर आली ती वाट अशा खोलीत बंद होते. ज्याची नोकरी सहा आठवड्यांवर टांगलेली आहे तो साहेबाला ‘हे होणार नाही’ असे सांगायला जात नाही. तो ते झाल्यासारखे दाखवतो. पत्र्याच्या फटीत असे दाखवता येत नाही, कारण ती डोळ्यांना दिसते. धुरात दाखवता येते.

पुढे काय झाले ते आपण जाणता. पीश यांच्या तालमीत वाढलेले मार्टिन विंटरकोर्न २००७ पासून समूहाचे प्रमुख होते आणि २०१८ पर्यंत जगातली पहिल्या क्रमांकाची मोटार कंपनी व्हायचे असे त्यांनी जाहीर केले होते. स्वच्छ डिझेल हा त्या चढाईतला अमेरिकेतला मार्ग. वेस्ट व्हर्जिनिया विद्यापीठातल्या एका छोट्या गटाने, ज्यात भारतात शिकून गेलेले तरुण अभियंतेही होते, मोजणीची उपकरणे गाडीतच बसवली आणि गाड्या प्रत्यक्ष रस्त्यावर चालवल्या. त्यांनी पसाट गाडी तर लॉस एंजेलिसहून सिएटलपर्यंत नेली. प्रयोगशाळेत निर्दोष ठरलेली जेटा रस्त्यावर नायट्रोजन ऑक्साइडच्या मर्यादेच्या ३५ पटींपर्यंत गेली, पसाट २० पटींपर्यंत. त्याच अभ्यासातली बीएमडब्ल्यूची गाडी बहुतांशी मर्यादेत राहिली, म्हणजे हे काम अशक्य नव्हते. १८ सप्टेंबर २०१५ रोजी अमेरिकेच्या पर्यावरण संस्थेने नोटीस काढली. चाचणी चालू आहे हे ओळखून तेवढ्यापुरता धूर कमी करणारी प्रणाली गाडीत घातली होती, आणि अशी इंजिने जगभरात सुमारे १ कोटी १० लाख गाड्यांत होती. पाच दिवसांनी विंटरकोर्न यांनी राजीनामा दिला.

यावर पहिला आक्षेप असा येऊ शकतो, की हा कार्यालयात बसून आकडे पाहणाऱ्या साहेबांचा दोष आहे. स्वतः गाडीला हात लावणारा, चाक हातात धरणारा प्रमुख असता तर हे घडले नसते. हा आक्षेप मोहक आहे आणि नेमका इथेच तो कोसळतो. विंटरकोर्न धातुशास्त्रातले डॉक्टर होते, आउडीत त्यांनी गुणवत्तेचे काम पाहिले होते. २०११ च्या फ्रँकफर्ट प्रदर्शनात ह्युंदाईच्या गाडीत बसून ते सुकाणूचा दांडा वरखाली करताना टिपलेली एक चित्रफीत प्रसिद्ध आहे. तो दांडा आवाज करत नाही, हे त्यांच्या ध्यानात येते आणि ते आपल्या माणसांना तिथल्या तिथे विचारतात, की यांना जमते ते आपल्याला का जमत नाही. आवाज न करणारा दांडा ज्याच्या हाताला कळतो अशा माणसाच्या कारकिर्दीत ३५ पट धूर सुटत राहिला. त्यांना त्या प्रणालीची माहिती होती की नव्हती हा न्यायालयाचा प्रश्न आहे. माझा मुद्दा त्याआधीचा आहे. हाताला दांड्याचा खडखडाट कळतो, नायट्रोजन ऑक्साइड कळत नाही. शरीराला जे जाणवते त्याच्यापुरतेच शरीर शिकते. स्की क्रॉसच्या खेळाडूला सगळे परिणाम शरीराला जाणवतात, म्हणून त्याला शरीर पुरते. वाहन उद्योगाच्या प्रमुखाला सर्वांत भयंकर परिणाम शरीराला कधीच जाणवत नाहीत.

याची महाराष्ट्राशी जोडलेली बाजूही आहे. फोक्सवागनचा कारखाना चाकणला आहे, आउडीच्या गाड्यांची जुळणी छत्रपती संभाजीनगरजवळ शेंद्र्याला होत आली आहे, आणि भारतात या डिझेल गाड्यांची तपासणी झाली ती पुण्याच्या वेताळ टेकडीवरच्या एआरएआय या संस्थेकडून. रस्त्यावर या गाड्या मर्यादेपेक्षा कितीतरी जास्त धूर सोडतात असे तिथे आढळले आणि डिसेंबर २०१५ मध्ये कंपनीने सुमारे ३ लाख २३ हजार गाड्या परत बोलावण्याचे जाहीर केले. २०१९ मध्ये राष्ट्रीय हरित लवादाने ५०० कोटी रुपयांचा दंड सुनावला, प्रकरण पुढे सर्वोच्च न्यायालयात गेले. ज्या जिल्ह्यांत हजारो घरांच्या चुली मोटारीच्या कारखान्यांवर पेटतात तिथे या गोष्टीची जेवढी चर्चा व्हायला हवी होती तेवढी झाली नाही, याचे मला मनापासून दुःख आहे. या कारखान्यांतल्या कामगाराने यंत्रावर केलेली चूक त्याच दिवशी त्याच्या नावावर लागते. निर्णयाच्या जिन्यावर आपण जसजसे वर जातो तसतशी ही नोंद पुसट होत जाते.

पुसट होते म्हणजे किती, हेही पाहू. या प्रकरणात फोक्सवागनचा एकूण खर्च ३० अब्ज युरोंच्या पुढे गेला. २०२१ मध्ये कंपनीशी झालेल्या तडजोडीत विंटरकोर्न यांनी १ कोटी १२ लाख युरो देण्याचे मान्य केले; संचालकांच्या विम्यासह सगळे मिळून कंपनीच्या हाती सुमारे २८ कोटी ८० लाख युरो आले, म्हणजे नुकसानीच्या एक टक्क्याहून कमी. आउडीचे माजी प्रमुख रुपर्ट श्टाडलर यांनी २०२३ मध्ये म्युनिकच्या न्यायालयात कबुली दिली आणि त्यांना स्थगित कारावास आणि ११ लाख युरोंचा भुर्दंड झाला. अमेरिकेत मात्र तपासाला मदत केलेल्या एका अभियंत्याला ४० महिन्यांची कैद झाली, तीही प्रत्यक्ष भोगायची. श्टाडलर यांच्या कारकिर्दीत त्यांच्या कंपनीच्या चिन्हाखाली कित्येक खेळाडू हाडे पणाला लावून उतारावरून सुटत होते. हे दोन चित्रांचे शेजारपण मला अस्वस्थ करते. ज्या खेळाचे नाव कंपनीने मिरवले त्या खेळाचा मूळ नियम, म्हणजे ठरवणाऱ्यानेच भोगावे, तेवढा तिने घेतला नाही.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे, कारण त्याच्यामागे एक खरोखर आदरणीय उदाहरण आहे. टोयोटाचे २०२३ पर्यंतचे प्रमुख अकिओ टोयोडा हे स्वतः शर्यतीत उतरणारे. कंपनीचे ज्येष्ठ चाचणीचालक हिरोमु नारुसे यांनी त्यांना, ज्याला गाडी चालवणे कळत नाही त्याने गाडीविषयी आम्हाला सांगू नये अशा आशयाचे सुनावले होते. टोयोडा यांनी राग मानला नाही, ते त्यांचे शिष्य झाले. २००७ मध्ये दोघांचा चमू न्युर्बुर्गरिंगच्या २४ तासांच्या शर्यतीत जुन्या विकत घेतलेल्या गाड्या घेऊन उतरला. कंपनीचे नाव वापरता येत नव्हते, म्हणून टोयोडा ‘मोरिझो’ या टोपणनावाने चालवत. जून २०१० मध्ये नारुसे त्याच परिसरात एका नव्या गाडीची चाचणी घेताना अपघातात गेले. टोयोडा यांनी शर्यत सोडली नाही, आणि जीआर यारिससारख्या ज्या गाड्या पुढे आल्या त्यांच्यावर या शिकवणीची छाप आहे. इथे ठरवणारा आणि भोगणारा यांच्यातले अंतर एका माणसाने स्वतःहून कमी केले. वाहन उद्योगाच्या आजच्या इतिहासात याच्या तोडीचे उदाहरण मला दिसत नाही.

तरीही पुरावा पूर्ण वाचायला हवा. टोयोडा जून २००९ मध्ये अध्यक्ष झाले आणि काही महिन्यांतच पायाखालची सरकणारी चटई आणि अडकणारे वेगाचे पेडल यांवरून जगभरातून ८० लाखांहून अधिक गाड्या परत बोलावण्याची वेळ आली. फेब्रुवारी २०१० मध्ये अमेरिकी काँग्रेससमोर त्यांनी मान्य केले की कंपनी माणसे घडवण्याच्या गतीपेक्षा वेगाने वाढली. ही कबुली प्रामाणिक होती, आणि दोष बहुतेक आधीच्या काळातला होता. पण डिसेंबर २०२३ मध्ये टोयोटाच्या पूर्ण मालकीच्या दाइहात्सूने आपल्या सर्व गाड्यांची पाठवणी थांबवली, कारण सुरक्षा-चाचण्यांतली हेराफेरी ६४ मॉडेलांत आढळली होती, काही प्रकार तर दशकांपूर्वीपासूनचे. चौकशी समितीने कारण दिले ते विकासाच्या अतिआखडलेल्या वेळापत्रकाचे. जून २०२४ मध्ये खुद्द टोयोटाच्या प्रमाणपत्र-अर्जांतही गैरप्रकार निघाले. म्हणजे शर्यतीत उतरणाऱ्या प्रमुखालाही, ज्या वळणावर तो स्वतः नव्हता तिथली बातमी मिळाली नाही. न्युर्बुर्गरिंगवर त्याला गाडीचा कल जाणवत होता. प्रमाणपत्राच्या कागदावरचा दाब त्याला जाणवू शकत नव्हता. मी टोयोडा यांना कमी लेखत नाही. एका माणसाचा सद्गुण कितीही अस्सल असला तरी त्याचा पल्ला किती, एवढेच मला दाखवायचे आहे.

उलट बाजूने कोणी जनरल मोटर्सच्या मेरी बारा यांचे नाव घेईल, आणि ते घ्यायलाच हवे. त्यांनी कुठली शर्यत गाजवली नाही. १९८० मध्ये अठराव्या वर्षी कारखान्यात पत्र्याचे भाग तपासण्यापासून त्यांनी सुरुवात केली आणि जानेवारी २०१४ मध्ये त्या प्रमुख झाल्या. लगेचच इग्निशनच्या सदोष स्विचचे प्रकरण फुटले. सुमारे २६ लाख गाड्या, आणि कंपनीच्याच भरपाई योजनेने मान्य केलेले १२४ मृत्यू. कंपनीतल्या काही जणांना या दोषाची खबर दहा वर्षांपासून होती. बाहेरच्या वकिलांकडून करवलेल्या चौकशीत बारा यांनी स्वतः वर्णन केलेली एक सवय नोंदली गेली: बैठकीत सगळे मान डोलावतात आणि बाहेर पडल्यावर कोणीच काही करत नाही. त्यांनी पंधरा जणांना काढले आणि सुरक्षेच्या तक्रारी थेट वर पोचाव्यात अशी सोय केली. त्याही त्याच संस्थेत वाढलेल्या, म्हणून त्यांच्यावर टीका झाली आणि तिच्यात तथ्य होते. पण खेळाडू नसलेल्या व्यक्तीला जमिनीची बातमी वर आणण्याचा रस्ता बांधता येतो, आणि खेळाडू असलेल्याला तो बांधायचे राहून जाऊ शकते, हे या दोन कारकिर्दी शेजारी ठेवल्यावर नाकारता येत नाही.

मग स्की क्रॉसमधून घेण्यासारखे काय उरते? या खेळाविषयीही भाबडेपणा नको. मी मघाशी म्हणालो की तिथे ठरवणारा आणि भोगणारा एकच असतो; ते बव्हंशी खरे आहे, पूर्ण नाही. मार्ग कोण बांधतो, उडीचा कोन कोण ठरवतो, जाळी कुठे लावतात, हे खेळाडूच्या हातात नसते. १० मार्च २०१२ रोजी ग्रिंडेलवाल्डला शेवटच्या उडीनंतर कॅनडाचा निक झोरिचिच मार्गाबाहेर जाऊन जाळीवर आदळला आणि गेला. तो २९ वर्षांचा होता. सोची ऑलिम्पिकच्या सरावात रशियाच्या मारिया कोमिसारोव्हाचा कणा मोडला, डिसेंबर २०१६ मध्ये सोचीची कांस्यविजेती आना होल्मलुंड हिच्या मेंदूला गंभीर इजा झाली. यांचा विचार केल्यावर खेळाडूंच्या शौर्याविषयी सैल बोलणे तोंडातून निघत नाही. खेळातही उतारावर नसलेली माणसे उतारावरच्या माणसांचे भवितव्य ठरवतात. फरक एवढाच की तिथे ते सर्वांच्या डोळ्यांदेखत होते आणि म्हणून त्यावर पंच, नियम आणि दाद मागण्याची व्यवस्था उभी राहिली.

ती व्यवस्था कशी चालते याचे उत्तम उदाहरण २०२२ च्या बीजिंग ऑलिम्पिकमधले महिलांचे कांस्यपदक. स्वित्झर्लंडची फॅनी स्मिथ तिसरी पोचली. चार जण एका वाटेवरून जाताना अंगाला अंग लागणारच, पण मुद्दाम अडवणे किंवा ढकलणे या खेळात वर्ज्य आहे. पंचांनी बराच वेळ चित्रफीत पाहिली आणि जर्मनीच्या डानिएला मायरशी झालेल्या संपर्कासाठी स्मिथला चौथ्या जागी ढकलले. स्विस संघाने दाद मागितली, आंतरराष्ट्रीय स्की महासंघाच्या अपील समितीने शिक्षा सौम्य करून कांस्य स्मिथला परत दिले, मग जर्मन बाजू क्रीडा लवादाकडे गेली, आणि त्या वर्षअखेरीस दोघींनी पदक वाटून घेण्यावर समझोता झाला. दहा महिने लागले. पुष्कळांना हे हास्यास्पद वाटले. मला ते फार मोलाचे वाटते. एका पदकासाठी एका क्षणाचा संपर्क इतक्यांदा तपासला गेला, तोही शर्यतीत नसलेल्या लोकांकडून, आणि खेळाडूच्या शब्दावर कुणी विसंबले नाही. मोटार उद्योगात ३५ पट धुराची तपासणी शेवटी एका विद्यापीठाच्या छोट्याशा अनुदानावर अवलंबून राहिली.

शेवटचा आक्षेप व्यवहाराचा. प्रमुखाला परिणामांच्या इतके जवळ बांधले तर कोणी धोका पत्करणारच नाही आणि उद्योग जागच्या जागी थिजेल, असे म्हणतात. डेल बॉस्को पडल्यावर स्की क्रॉसमधले धाडस संपले नाही, एका वर्षात तोच जिंकला. त्याच डीअर व्हॅलीच्या शर्यतीत कांस्य मिळवणारा जॉन टेलर कॅलिफोर्नियातल्या मॅमथ लेक्सचा, पेशाने डिझेल मेकॅनिक. स्वतः दुरुस्त केलेले वाहन रस्त्यावर जाते आणि बिघडले तर मालक परत दारात येतो, हा त्याचा उन्हाळ्याचा अनुभव. स्वतः निवडलेली वाट चुकली तर आपणच आपटतो, हा हिवाळ्याचा. दोन्हीकडे उत्तरदायी असलेला माणूस भित्रा झाला नाही. उत्तरदायित्व धाडसाला मारत नाही, ते बेफिकिरीला मारते, आणि उद्योगाने गेल्या दोन दशकांत या दोहोंना एकाच नावाने गौरवले आहे.

रस्त्यावर धूर मोजण्याची सक्ती युरोपात सप्टेंबर २०१७ पासून नव्या मॉडेलांना लागू झाली, भारतात १ एप्रिल २०२३ पासून. उपकरण आता प्रयोगशाळेतून बाहेर गाडीच्या शेपटीला लागले आहे. ज्या गोष्टी शरीराला कळत नाहीत त्या कळवणारे हे ज्ञानेंद्रिय कायद्याने बसवले. राहिला आहे तो वेळेचा प्रश्न. माझा आग्रह असा आहे की वाहन कंपनीच्या प्रमुखाच्या मोबदल्याचा मोठा हिस्सा त्याच्या सहीने निघालेल्या गाड्या निदान दहा वर्षे रस्त्यावर राहिल्यावरच त्याच्या हाती पडावा, आणि दोष लपवल्याचे सिद्ध झाले तर तो मुळीच पडू नये, विम्यातूनही नाही. अशा अटीवर चांगली माणसे मिळणार नाहीत असे भागधारक म्हणतील. ज्यांना या अटीवर यायचे नाही त्यांच्या हाती ही गाडी द्यायची की नाही, हा निर्णय भागधारकांनी स्वतःच्या मुलांना मागच्या आसनावर बसवून घ्यावा.